स्लॅबच्या आदल्या दिवशी साइटवर थांबा

कोकणात घर बांधताय, तर सगळ्यात आधी कव्हर ब्लॉक बघा, म्हणजे सळई फळीपासून उचलून धरणारे छोटे ठोकळे. आरसीसी सांगाड्याचं आयुष्य सळईवर किती काँक्रीट चढलंय यावर ठरतं. साधारण हवामानात कॉलमला ४० मिमी, बीमला २५, स्लॅबला २० पुरतं. समुद्राजवळ मात्र खारी हवा सळई खाते, तिथे ४५ मिमीपर्यंत जावं लागतं. हे डिझाइनरकडून नकाशावर लिहून घ्या. गवंडी खडीचा तुकडा सळईखाली सरकवतात, तो चालवून घेऊ नका. माझ्या पहिल्या घरात मी चालवून घेतला, आणि काही वर्षांतच छज्ज्याच्या पोटातून गंज उतरायला लागला. अजून वाईट वाटतं.

सळई बांधून झाली की आदल्या दिवशीच इंजिनिअरला बोलवा. काँक्रीटची गाडी दारात उभी असताना कोणीही चूक दुरुस्त करत नाही. माल घट्ट वाटला की कामगार पाणी ओततात, ते थांबवायला तुम्ही स्वतः उभं राहायचं.

टेकू काढायची घाई मुकादमाला असते, कारण सेंटरिंगचं, म्हणजे टेकू-फळ्यांचं, भाडं चालू असतं. साडेचार मीटरपर्यंतच्या स्लॅबखाली किमान ७ दिवस, त्याहून मोठ्याखाली १४. सहा मीटरपेक्षा लांब बीमला २१.

बाहेरून गिलावा दोन थरांत. चिऱ्याची (जांभा दगडाची) भिंत आणि काँक्रीट जिथे भिडतात तिथे जाळी हवीच, नाहीतर नेमकी तिथेच भेग पडते. छज्ज्याखाली पाणी तोडणारी खाच आणि खिडकीच्या उंबऱ्याला बाहेर उतार, एवढं मृगाआधी उरकून घ्या.