स्क्वाड्रन : तो, ती की ते?

प्रश्न असा आला आहे : 'अमेरिकी हवाई दलाच्या ९४व्या फायटर स्क्वाड्रनच्या इतिहासावर मराठीत लेख लिहितो आहे. स्क्वाड्रन पुल्लिंगी, स्त्रीलिंगी की नपुंसकलिंगी? आणि त्याऐवजी सरळ "लढाऊ ताफा" लिहिलं तर चालेल का?'

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी, कारण हा ताफा बातम्यांत ऐकून ऐकून कान किटले आहेत. नाही चालणार. मंत्र्यांच्या गाड्यांचा ताफा असतो, विमान कंपनीकडे असलेल्या सगळ्या विमानांचा मिळून ताफा होतो. स्क्वाड्रन ही क्रमांक असलेली, स्वतःचा अधिकारी आणि स्वतःचं बोधचिन्ह असलेली लष्करी तुकडी. ९४वी १९१७च्या ऑगस्टमध्ये टेक्सासच्या केली फील्डवर उभी राहिली. तेव्हाचं कुणीही आज हयात नाही, लाकडी सांगाड्यावर कापड ताणलेली ती विमानंही गेली. आता व्हर्जिनियातल्या लँगली तळावर एफ-२२ रॅप्टर ही लढाऊ विमानं उडवते, तरी ९४वी ती ९४वीच. ताफ्यातल्या गाड्या बदलल्या की ताफा बदलला. शिवाय ताफा हा अरबी 'ताइफा', म्हणजे जमाव, मंडळी. त्याचंच अनेकवचन 'तवाइफ', आणि आपली तवायफ तीच. जुन्या मराठीत नाचगाण्याच्या फडालाही ताफा म्हणत. आता 'लढाऊ ताफा' पुन्हा एकदा मोठ्यानं वाचून बघा.

आता खरी गंमत. स्क्वाड्रन हा शब्द इंग्रजीत आला सोळाव्या शतकात, इटालियन 'स्क्वाद्रोने'वरून. त्याच्या पोटात 'स्क्वाद्रा', म्हणजे चौकोनी रचनेत उभं केलेलं सैन्य. त्याच्याही मागे लॅटिनमधलं 'चौकोन करणे', आणि सगळ्यात तळाशी लॅटिन 'क्वात्तुओर', म्हणजे चार. हाच तो संस्कृतातला चत्वारः, आपला चार. म्हणजे स्क्वाड्रन हा आपल्या चौक, चौकी, चौरस, चौकटीचा चुलतभाऊ. बिल्डरच्या जाहिरातीतला 'स्क्वेअर फूट' तर त्याचा सख्खा भाऊ. आणि तुमची स्क्वाड्रन कितवी? चौऱ्याण्णवावी! एकाच नावात 'चार' दोनदा, एकदा आपल्या वाटेनं आलेला, एकदा रोमच्या वाटेनं. हे लक्षात आलं त्या दिवशी मी घरात तिघांना थांबवून सांगितलं. कुणालाच काही वाटलं नाही.

इथे एक इशारा. एक ज्येष्ठ भाषाप्रेमी व्याख्यानांतून ठासून सांगत असतात की स्क्वाड्रन आपल्या 'चतुरंग' सेनेवरूनच निघाला. साफ चूक. चतुरंगातले चार म्हणजे हत्ती, रथ, घोडे, पायदळ, ही सैन्याची अंगं. स्क्वाद्रातले चार म्हणजे चौकोनाच्या बाजू. चार हा आकडा दोघांच्या सामाईक पूर्वजाचा, पुढचा संसार ज्याचा त्याचा. चुलतभावाला मुलगा म्हणायची ही हौस कधी जाणार कोण जाणे.

स्क्वाड्रन पुढे घोडदळाची तुकडी झाली, आरमारातही गेली, आणि विमानं आल्यावर घोडे सोडून आकाशात. फ्रेंचांनी स्पॅनिशमार्फत त्याच मुळातून 'एस्काद्रिय' केलं. अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरण्याआधी काही अमेरिकी वैमानिक फ्रान्सकडून लढत होते, त्यांची 'लाफायेत एस्काद्रिय' प्रसिद्ध आहे. त्यातलाच राउल लफबेरी पुढे ९४वीत आला आणि मे १९१८मध्ये लढताना गेला. त्याच वर्षी १४ एप्रिलला फ्रान्समधल्या तूल गावाजवळच्या तळावरून उडालेल्या ९४वीच्याच डग्लस कॅम्बेल आणि ॲलन विन्स्लो यांनी तळाच्या अगदी जवळ, काही मिनिटांत दोन जर्मन विमानं पाडली. लेखात हा प्रसंग घ्याच.

९४वीचा सर्वांत गाजलेला माणूस एडी रिकेनबॅकर. आधी शर्यतींत मोटारी पळवणारा, नंतर २६ विजय मिळवून पहिल्या महायुद्धातला अव्वल अमेरिकी वैमानिक. घराण्याचं आडनाव 'रिकेनबाखर'. जर्मन वळणाचं वाटू नये म्हणून यानं त्याच्या स्पेलिंगमधला 'एच' काढून 'के' घातला. त्याला 'स्क्वाड्रन लीडर रिकेनबॅकर' लिहू नका. तो कॅप्टन होता. स्क्वाड्रन लीडर हा ब्रिटिश वळणाचा हुद्दा, आपल्या हवाई दलात आहे, अमेरिकेत नाही.

९४वीचं बोधचिन्ह 'हॅट इन द रिंग', रिंगणातून जाणारी अंकल सॅमची, म्हणजे अमेरिकेचं प्रतीक असलेल्या म्हाताऱ्याची, उंच टोपी. कुणी याचं 'अंगठीतली टोपी' करेल म्हणून आधीच सांगतो. मुष्टियुद्धाच्या रिंगणात टोपी फेकली की आव्हान स्वीकारलं. आपल्याकडे त्याला शड्डू ठोकणं म्हणतात. पुढे रिकेनबॅकरनं आपल्या मोटार कंपनीलाही हेच चिन्ह दिलं.

'फायटर'चंही बघा. १९४२पर्यंत ही 'पर्स्यूट' स्क्वाड्रन होती, पाठलाग करणारी. नाव फायटर झालं, तरी ती पी-३८ लाइटनिंग विमानंच उडवत राहिली, आणि त्यातला 'पी' पर्स्यूटचाच. १९४८मध्ये त्या 'पी'चा 'एफ' झाला. त्यामुळे त्याआधीच्या विमानांना 'एफ' लावून मोकळे होऊ नका.

मग मराठी शब्द काय? 'पथक' वाईट नाही. पेशवाईत सरदारांची पथकं घोडदळाचीच असत, म्हणजे मूळ अर्थाला धरून आहे. अडचण एवढीच की आज 'उडतं पथक' म्हटलं की लोकांना परीक्षेत कॉपी पकडणारं भरारी पथक दिसतं. माझी सूचना, जी आजवर कुणी मानलेली नाही : स्क्वाड्रनला स्क्वाड्रनच राहू द्या, पण तिच्यातली चार विमानांची 'फ्लाइट' असते तिला चौकडी म्हणा. उजवा हात पालथा धरा, अंगठा दुमडा. मधलं बोट म्हणजे म्होरक्या, तर्जनी त्याचा साथीदार. अनामिका दुसऱ्या जोडीचा म्होरक्या, करंगळी त्याचा साथीदार. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी लढाऊ विमानं अशीच उडत, बोटांच्या टोकांसारखी मागेपुढे. ही रचना त्यांनी स्वतः शोधलेली नव्हे, जर्मन वैमानिकांनी स्पेनच्या यादवी युद्धात घोटवलेली. चौकडी म्हटलं की लोकांना चांडाळचौकडीच आठवते हे मान्य. पण चौखूर उधळणाऱ्या घोडदळातून आलेल्या शब्दाच्या घरात चौकडीला जागा नाही, तर कुणाला?

हां, लिंगाचं राहिलंच. ती. पलटण ती, तुकडी ती, बटालियन ती, रेजिमेंटही ती. पथक ते आणि रिसाला तो, पण स्क्वाड्रन बोलण्यात बसली आहे ती पलटणीच्या पंगतीत. '९४वी स्क्वाड्रन' लिहा, आणि जमलं तर आकडा अक्षरी लिहा.