एलियाहू नाव ठेवण्याआधी

चिरंजीवास अनेक आशीर्वाद. शालोम.

तुझं पत्र पोचलं. बाळाची बातमी वाचून घरात सगळ्यांना आनंद झाला. आजेसासूबाईंनी 'एलियाहू' सुचवलंय, तुलाही ते आवडतंय, पण सूनबाईंना ते आजोबांच्या पिढीतलं वाटतंय, हे कळलं. सोबत तू इंटरनेटवरची यादी पाठवलीस: नाव, अर्थ, लकी नंबर, शुभ रंग. लकी नंबर आणि रंग तू आधी खोडून टाक. अर्थाच्या रकान्यात 'परमेश्वर माझा देव आहे' असं लिहिलंय. ते चूक नाही. पण तेवढ्यावर मुलाला नाव देऊ नकोस. ते ज्या संदेष्ट्याचं होतं तो माणूस आधी नीट वाच, मग ठरव. मला जे सांगायचं आहे ते एवढंच. पुढचा सगळा मजकूर म्हणजे काय वाचायचं आणि कशाकडे लक्ष द्यायचं, ते.

सुरुवात अक्षरांपासून कर. आलेफ, लामेद, योद, हे, वाव. 'एल' म्हणजे देव, 'एली' म्हणजे माझा देव. उरलेलं 'याहू' हे त्या चार अक्षरी नामाचं आखूड रूप आहे. ते नाम आपण यहुदी उच्चारत नाही. हेच शेपूट तुला यशयाहू, यिर्मयाहू, नेतान्याहू या नावांत दिसेल. यातली गंमत अशी की 'योएल' हे नावही याच दोन तुकड्यांचं आहे, फक्त उलट क्रमाने. म्हणजे घडण म्हणून एलियाहू अगदी साधं नाव आहे. तनाखमध्ये, म्हणजे आपल्या हिब्रू बायबलमध्ये, संदेष्ट्याखेरीज आणखी काही एलिया आहेत. एक 'पहिला इतिहास' या ग्रंथातल्या वंशावळीत बेन्यामीन वंशात सापडतो, आणि एज्राच्या दहाव्या अध्यायात, परक्या बायका केलेल्यांच्या यादीत, दोघे आहेत. त्यांना कोण विचारतं? नाव मोठं झालं ते गिलादमधल्या तिश्बीच्या संदेष्ट्यामुळे.

आता 'पहिले राजे' या ग्रंथाचा सतरावा अध्याय उघड. हिब्रूत वाच. तुझं हिब्रू आता माझ्यापेक्षा बरं असेल. तिथे हा माणूस एकदम अवतरतो. बापाचं नाव नाही, कुळ नाही. अहाबासमोर उभा राहतो आणि सांगतो की मी म्हणेपर्यंत दव नाही आणि पाऊस नाही. इसवी सनापूर्वीच्या नवव्या शतकाची गोष्ट. उत्तरेच्या इस्राएल राज्यावर अहाब राज्य करतोय. राणी ईझेबेल सिदोनच्या राजाची मुलगी, आणि तिच्या माहेरचा देव बआल आता राजधानी शोमरोनमध्ये येऊन बसलाय. अशा काळात 'माझा देव याहू' हे नाव घेऊन फिरणं म्हणजे नुसती हाक नव्हे, ती बाजू घेणं होतं.

पण इथे घाई करू नकोस, कारण गोष्ट इतकी सरळ नाही. अहाबाच्या मुलांची नावं बघ: अहज्याहू आणि यहोराम. दोन्हीत तेच दैवी नाम आहे! बआलाचं देऊळ बांधणाऱ्या राजाने मुलांना नावं मात्र आपल्याच देवाची दिली. लोकांचंही तसंच. 1910 साली शोमरोनच्या उत्खननात शाईने लिहिलेली खापरं सापडली. दारू आणि तेल कुठून आलं, कुणाच्या नावे जमा झालं, याच्या त्या नोंदी. काळ इसवी सनापूर्वीचं आठवं शतक, म्हणजे एलियाहूनंतर सुमारे शंभर वर्षं. त्यांत दैवी नामाची नावं आहेत आणि अबीबआल, मेरीबआल अशीही आहेत, एकाच हिशेबात, शेजारी शेजारी. आणखी एक बारीक गोष्ट: त्या खापरांवर उत्तरेकडची नावं 'याहू'ऐवजी 'याव' अशी संपतात. म्हणजे गिलादच्या त्याच्या शेजाऱ्यांनी त्याला कदाचित 'एलियाव' अशीच हाक मारली असेल. 'याहू' हे दक्षिणेच्या यहूदा राज्याचं वळण, आणि ग्रंथ ज्या हातांतून आपल्यापर्यंत आले त्यांचं.

आता कर्मेल डोंगरावरचा प्रसंग, अध्याय अठरा. बआलाचे साडेचारशे संदेष्टे, दोन बैल, आणि आग कोण पाठवतो ते बघायचं. ते सकाळपासून नाचतात, अंगावर वार करून घेतात. एलियाहू त्यांची टर उडवतो: मोठ्याने ओरडा, तो झोपला असेल, प्रवासाला गेला असेल. (आपल्या ग्रंथांत इतका खवचट संदेष्टा दुसरा नाही. मला तो आवडतो तो इथेच.) शेवटी आग उतरते आणि जमाव जमिनीवर पालथा पडून ओरडतो, 'अदोनाय हू हा-एलोहीम', परमेश्वर हाच देव. हे वाक्य तोंडाने म्हणून बघ. त्या माणसाचं नावच सगळा डोंगर मोठ्याने म्हणतोय. योम किप्पुरच्या, म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवसाच्या, शेवटी, शोफारचं शिंग वाजण्याआधी, आपण हेच वाक्य सात वेळा म्हणतो. लहानपणापासून म्हणत आलास, पण ते कर्मेलवरून आलंय हे तुझ्या ध्यानात आलं होतं का?

त्याच प्रसंगाचा शेवटही वाच. तो मुलांना सांगताना आपण गाळतो. किशोन ओढ्याकाठी त्या सगळ्या संदेष्ट्यांची कत्तल होते. मग राणीचा निरोप येतो आणि हाच शूर माणूस जीव घेऊन पळतो, वाळवंटात एका झुडपाखाली बसून मरण मागतो. देवदूत त्याला काय म्हणतो? ऊठ, खा. भाकर आणि पाणी. उपदेश नाही.

पुढे होरेब डोंगर. वारा येतो, भूकंप येतो, आग येते, त्यांत देव नाही. मग 'कोल दमामा दक्का' येतो, बारीक नि:शब्द असा आवाज. या शब्दांवर लोकांनी पुष्कळ लिहिलंय, ते तुला सापडेल. मला तुझं लक्ष दुसरीकडे वळवायचं आहे. त्या आवाजाआधी देव विचारतो, 'एलियाहू, तू इथे काय करतोयस?' तो उत्तर देतो: मी फार आवेशाने झटलो, इस्राएलांनी तुझा करार सोडला, मी एकटाच उरलोय. आवाजानंतर पुन्हा तोच प्रश्न येतो. आणि तो पुन्हा तेच उत्तर देतो, शब्दाला शब्द. दहावं आणि चौदावं वचन शेजारी ठेवून बघ. एवढं सगळं पाहूनही माणूस जिथल्या तिथे. त्यानंतर त्याला सांगण्यात येतं की जा, अलीशाला तुझ्या जागी अभिषेक कर. मी या माणसाला संत म्हणून वाचत नाही. हट्टी, थकलेला, लोकांवर चिडलेला आणि तरीही खरा, असा वाचतो.

आपल्या ऋषींनीही त्याला सोडलं नाही. 'पिर्के दे रब्बी एलिएझर' या जुन्या मिद्राशमध्ये, म्हणजे कथा सांगणाऱ्या भाष्यग्रंथात, असं आहे की देव त्याला म्हणाला: इस्राएलांनी करार सोडला म्हणतोस ना? मग प्रत्येक मुलाच्या ब्रित मिलाला, म्हणजे सुंतेच्या विधीला, तू स्वतः हजर राहशील आणि स्वतःच्या डोळ्यांनी बघशील. म्हणून मिलाच्या वेळी 'किस्से शेल एलियाहू', एलियाहूची खुर्ची, मांडतात. लोक तो मान समजतात. तो मान आहेच, पण त्याला थोडी शिक्षेची चवही आहे. तक्रार करणाऱ्याला कायमचा साक्षीदार करून टाकलं. आठव्या दिवशी तुझं बाळ त्या खुर्चीवर क्षणभर ठेवतील आणि त्यानंतर त्याचं नाव पुकारतील. ते नाव जर एलियाहूच असेल, तर ही गोष्ट बापाला माहीत असायला हवी.

इथून पुढे त्याचा स्वभाव लोकांच्या आठवणीत हळूहळू मऊ होत गेला. मरण आलं नाही, अग्नीच्या रथातून वर गेला, म्हणून परत येऊ शकतो. मलाखीच्या शेवटी तर देवाने तसं वचनच दिलंय, की तो बापांची मनं मुलांकडे आणि मुलांची बापांकडे वळवील. मग तो वल्हांडणाच्या सेदेरच्या रात्री त्याच्यासाठी भरलेल्या पेल्याशी येऊ लागला, शब्बाथ संपताना हवदालाच्या गाण्यात आला, गरिबाच्या दारात भिकाऱ्याच्या वेशात आला. ख्रिस्ती लोकांनी त्याला एलियास केलं, कुराणात तो इल्यास झाला, रशियात इल्या. व्हेनिसमध्ये 1549 साली वारलेला व्याकरणकार एलियाहू बाखुर, लिथुआनियातल्या विल्नाचा थोर पंडित 'गाओन' (1720–1797), 1981 चं नोबेल मिळालेला एलियास कानेट्टी, सगळे या एकाच नावाचे. सासरची मंडळी मूळची लिथुआनियाकडची आहेत असं तू एकदा म्हणाला होतास. मग गाओनचं नाव बोलण्यात येऊ दे, पुढचं काम सोपं होईल.

पण कोकणात त्याचं जे झालं ते कुठेच झालं नाही. आपली बेने इस्राएल मंडळी, म्हणजे कोकणातले यहुदी, नवगावच्या किनाऱ्याला गलबत फुटून लागली, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, आणि त्यांच्या अंगात जीव परत आणला तो एलियाहू हन्नाबीने, म्हणजे संदेष्टा एलियाहूने, असं आपले वाडवडील सांगत आले. अलिबागजवळ सागावला त्याच्या रथाच्या खुणांचा खडक आहे. त्याला आपण 'एलियाहू हन्नाबीचा टापा' म्हणतो, आणि नवस फेडायला तिथे जातो. ग्रंथ हाताशी नव्हते, हिब्रू विसरली गेली, उरला तो श्मा ही प्रार्थना, शब्बाथ, सुंता आणि हा एक संदेष्टा. त्याच्या नावाने मलिदा करणारे आपणच. पोहे, खोबरं, साखर, वेलची, वर फळं, आणि 'एलियाहू हन्नाबी' हे गाणं. इतिहासकार यात काय दाखवायचं ते दाखवोत. माझं मत विचारशील तर बेने इस्राएलाच्या घरात हे नाव जुनाट होऊच शकत नाही, कारण ते दर शुभकार्याला घरात घेतलं जातं. हे सूनबाईंना तू सांग. मी सांगितलं तर म्हाताऱ्याचा आग्रह वाटेल.

आता 'एलिया' की 'एलियाहू', हा तुझा प्रश्न. आजकाल तिथे इस्राएलमध्ये 'एलिया' चालतं, मुलींचंही असतं, ऐकायला हलकं आहे. ते काही बनावट रूप नाही. तनाखमध्ये संदेष्ट्याचं नाव पाच ठिकाणी वावशिवाय, आखूड लिहिलंय. आणि आपला पूर्वज याकोब याचं नाव पाच ठिकाणी एका जास्तीच्या वावने लिहिलंय. जुना भाष्यकार राशी सांगतो की याकोबाने एलियाहूकडून ते अक्षर गहाण ठेवून घेतलं: माझ्या लेकरांच्या सुटकेची बातमी आण आणि घेऊन जा. मला ही गोष्ट अतिशय प्रिय आहे. तरीही कागदावर पूर्ण नाव लिही. आखूड करायला घरचे, शाळेतले, सैन्यातले सगळे बसलेलेच आहेत.

ते 'एली' म्हणतील हेही धरून चाल. त्यात एक अडचण आहे. शिलोचा याजक एली, ज्याची मुलं वाया गेली, तो आयिनने लिहितात. आपला आलेफने. शाळेत बाई आयिन लिहितील तर दुरुस्त करून घे. शिवाय 'एली' म्हटल्यावर मूळ नाव कळत नाही. एली वीझेल एलिएझर होते, दमास्कसला 1965 साली फाशी दिलेला एली कोहेन एलियाहू होता.

अंकशास्त्राची हौस असलेले नातेवाईक तुझ्याकडेही असतील. या नावाची गेमात्रिया, म्हणजे अक्षरांच्या अंकांची बेरीज, बावन्न. 'बेन', म्हणजे मुलगा, तोही बावन्न. हे ते आनंदाने सांगतील. 'केलेव', म्हणजे कुत्रा, तोही बावन्नच, हे सांगणार नाहीत. आपल्या तल्मूद या धर्मग्रंथात मात्र एक ओळ आहे की गावात कुत्री खेळू लागली तर समजा एलियाहू आलाय. त्यामुळे या बाबतीतही मला काही गैर दिसत नाही.

हे सगळं वाचून दोघांना वाटलं की एवढा तापट माणूस नको, तर नको. श्मुएल आहे, रऊवेन आहे, बिन्यामिन आहे. आजेसासूबाईंची समजूत मी घालीन. पण 'जुनं वाटतं' एवढ्या कारणावर सोडू नका, आणि 'आजीने सांगितलं' एवढ्यावर ठेवूही नका. सूनबाईंना घेऊन एकदा हैफाला जाऊन या. कर्मेलच्या पायथ्याशी एलियाहूची गुहा आहे, यहुदी, ख्रिस्ती, मुसलमान, द्रूझ सगळे येतात. गर्दी नसेल अशा दिवशी जा, आणि सोबत अठरावा-एकोणिसावा अध्याय घेऊन जा.

मिला होईपर्यंत ठरलेलं नाव बाहेर फोडू नका, व्हॉट्सअ‍ॅपवर तर मुळीच नाही. कागदपत्रांवर हिब्रू आणि इंग्रजी स्पेलिंग आधीच पक्कं करा, पासपोर्टच्या वेळी दोन तऱ्हा निघाल्या की फार फिरावं लागतं. सुंता करणारा मोहेल कोण ठरलाय ते कळव. मलिद्यासाठी तिथे जाडे पोहे मिळत नसतील तर वेळेत सांग, लोदला जाणारं कुणीतरी पुढच्या महिन्यात निघतंय, त्यांच्याबरोबर पाठवतो.

तुझा,
सर
ठाणे