‘चरित्र अभिनेता’ कोणाच्या चरित्रातला?

प्रश्न थोडक्यात असा: विल्यम शॅलर्ट या जुन्या अमेरिकन टीव्हीवरच्या नटाची ओळख मराठीत लिहिताना ‘कॅरॅक्टर अ‍ॅक्टर’साठी (नायकाऐवजी छोटी पण ठसठशीत पात्रं रंगवणारा नट) ‘चरित्र अभिनेता’ वापरलं. वाचणाऱ्याने विचारलं, ‘कोणाच्या चरित्रात काम केलं यांनी?’ शब्द चुकला का?

चुकला नाही, पण शंका रास्त आहे. मराठीत चरित्र म्हणजे जीवनकथा. ती लिहिणारा चरित्रकार, जिच्यावर लिहिली ती व्यक्ती चरित्रनायक आणि पडद्यावर आली की चरित्रपट. या रांगेत ‘चरित्र अभिनेता’ उभा केला की नवखा वाचक घसरणारच. नाटकातल्या कॅरॅक्टरला आपण पात्र म्हणतो किंवा व्यक्तिरेखा. हिंदीत मात्र ‘चरित्र’ पात्राच्या अर्थानेही चालतो आणि हा जोडशब्द त्याच अर्थाचा आहे. (काही जण ‘चारित्र्य अभिनेता’ लिहितात. तो वर्तणुकीचा दाखला झाला.)

खरी अडचण पुढेच आहे. आपल्याकडे चरित्र अभिनेता म्हटलं की नायकाचा बाप, काका, डॉक्टर, न्यायाधीश डोळ्यांपुढे येतो, म्हणजे पिकलेले केस. अमेरिकन शब्दात वयाची अट नाही. शॅलर्ट यांचा जन्म १९२२चा. ‘डोबी गिलिस’ ही मालिका १९५९ मध्ये सुरू झाली, तेव्हा त्यातले शिक्षक पॉम्फ्रिट पडद्यावर आणणारे शॅलर्ट ३७ वर्षांचे होते. ‘गेट स्मार्ट’मधला जराजर्जर अ‍ॅडमिरल हारग्रेड त्यांनी पन्नाशीच्या आतच केला. ‘पॅटी ड्यूक शो’मध्ये (१९६३ ते १९६६) ते पॅटीचे वडील होते आणि वडिलांचा जुळा भाऊही तेच. १९६७च्या ‘स्टार ट्रेक’मधला चिडका सरकारी अधिकारी निल्झ बॅरिसही त्यांचाच. चेहरा ओळखीचा, नाव पटकन आठवत नाही, हीच या जातीच्या नटाची खूण.

म्हणून पहिल्या उल्लेखात शब्द उलगडावा. ‘ते ज्येष्ठ चरित्र अभिनेते होते’ ऐवजी ‘छोट्या पण लक्षात राहणाऱ्या भूमिका करणारे कसलेले नट’ असं लिहा, पुढे हवं तर ‘चरित्र अभिनेते’ चालवा. ‘सहायक अभिनेता’ नको. कोणाला सहाय, हे त्या-त्या कलाकृतीपुरतं ठरतं. कॅरॅक्टर अ‍ॅक्टर ही नटाची जातकुळी आहे. ‘दुय्यम नट’ तर सरळ अपमान. आणि ‘एक्स्ट्रा’ म्हणजे जमावातला, बहुधा संवाद नसलेला, तो वेगळाच.

याच मजकुरात आणखी दोन खड्डे लागतील. ‘गेस्ट स्टार’चं ‘पाहुणा कलाकार’ करू नका. आपल्याकडे पाहुणा कलाकार म्हणजे मोठा नट मैत्रीखातर दोन मिनिटं झळकून जातो तो. अमेरिकन मालिकेत गेस्ट स्टार हा त्या एका भागापुरता, मोबदला घेऊन मोठी भूमिका करणारा नट, आणि कथा पुष्कळदा त्याच्याच पात्राभोवती फिरते. वकिलाच्या ‘पेरी मेसन’ मालिकेचे २७१ भाग झाले, काउबॉयच्या काळातल्या ‘गनस्मोक’चे ६३५. दर भागाला नवा खून, नवे संशयित किंवा गावात आलेला नवा परका माणूस. एवढी माणसं पुरवली ती याच नटांनी. तेव्हा ‘त्या भागात प्रमुख भूमिका’ असं लिहावं. पॅटीचे वडील मात्र कायमचं पात्र, तिथे हे लागू नाही.

दुसरा खड्डा ‘हेवी’. जुन्या नाटकमंडळ्यांच्या बोलीत हेवी म्हणजे खलनायक. ‘वजनदार भूमिका’ असं भाषांतर केलंत की दुष्ट माणूस भारदस्त होऊन बसतो.

लेखन: ‘चरित्र अभिनेता’ सुटं लिहिण्याचाच रिवाज आहे; विभक्ती लावताना ‘चरित्र अभिनेत्याला’, ‘चरित्र अभिनेत्यांनी’. संधी करून ‘चरित्राभिनेता’ व्याकरणात बसेल, पण छापलात तर तो वाचक परत येईल.