सांध्यांतला काळेपणा, नळावरचा मुलामा

निकेल प्लेटिंगच्या, म्हणजे विजेच्या करंटने धातूवर निकेलचा मुलामा चढवायच्या, शॉपमध्ये मी २७ वर्षं काम केलं. या वेळी आलेले प्रश्न निम्मे बाथरूमच्या सांध्यांचे आणि निम्मे मुलाम्याचे आहेत. दोन्हींमध्ये एकच बाटली पुन्हा पुन्हा डोकावते, ती म्हणजे ॲसिडची. म्हणून सगळे प्रश्न एकत्रच घेते.

प्रश्न : ताई, बाथरूमच्या टाइल्समधले सांधे काळे पडले होते. ॲसिड ओतून घासले, लख्ख पांढरे झाले. दोन महिन्यांत पुन्हा काळे, आणि आता बोट फिरवलं तर सांधे खोल गेलेले लागतात. त्याच सुमारास नळाची चकाकीही गेली. नळाला तर मी ॲसिड लावलंच नव्हतं.

तुमच्या दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे. सांध्यांत भरलेलं साधं ग्राउट म्हणजे सिमेंट, बारीक वाळू आणि रंग. ॲसिड पडल्यावर जो फेस येतो, तो मळाचा नसतो. सिमेंटमधला चुन्याचा अंश विरघळतो, त्याचे ते बुडबुडे. वरचा काळा थर ग्राउटसकट निघून गेला म्हणून सांधे पांढरे दिसले. खाली राहिलं ते जास्त खडबडीत, जास्त सच्छिद्र. त्यात साबण आणि बुरशी आधीपेक्षा लवकर घर करणारच.

नळाचं कारण वाफ. आमच्या शॉपमध्ये ॲसिडची टाकी ज्या भिंतीला होती, त्या भिंतीवरचे खिळे, दाराच्या बिजागऱ्या, स्विचबोर्डाचे स्क्रू कायम गंजलेले असायचे. त्यांच्यावर एक थेंबही उडालेला नसायचा. हायड्रोक्लोरिक ॲसिडची वाफ ओलसर धातूवर बसते आणि मुलाम्यातल्या बारीक भोकांतून आत शिरते. बंद बाथरूममध्ये तेच घडतं.

आता काय करायचं? आधी काळेपणा कशाचा आहे ते बघा. कोरड्या सांध्यावर दात कोरायची काडी ओढा. काडीवर मेणचट, राखाडी लगदा आला तर तो साबण आणि जड पाण्यातला क्षार यांचा थर. काडीला काही आलं नाही आणि काळे ठिपके आतच दिसले, तर बुरशी. मग पाण्याचा एक थेंब ठेवा. थेंब जिरला आणि ती जागा गडद झाली, तर ग्राउट सिमेंटचं आहे आणि उघडं आहे. मोत्यासारखा तसाच बसून राहिला, तर ग्राउट इपॉक्सीचं, म्हणजे पाणी न शोषणाऱ्या रेझिनचं आहे किंवा त्यावर सीलर, म्हणजे पाणी अडवणारं द्रव्य लावलेलं आहे; तिथे मळ फक्त वर असतो आणि साबणपाण्याने निघतो.

मेणचट थर आधी काढा. गरम पाणी आणि भांडी घासायचं लिक्विड पुरतं. हा थर असताना बुरशीवरचं औषध आत पोचतच नाही, आणि बहुतेकांचं इथेच चुकतं. नंतर सोडियम परकार्बोनेट, म्हणजे कपड्यांसाठी मिळणारी ऑक्सिजन ब्लीच पावडर घ्या. ब्लीचिंग पावडर वेगळी, ती नको. एक लिटर गरम पाण्यात दोन मोठे चमचे पावडर ढवळून सांध्यांवर ओता आणि २०-३० मिनिटं सांधे ओले ठेवा. मग नायलॉनच्या ब्रशने घासून भरपूर पाण्याने धुवा. तारेचा ब्रश वापरू नका. त्याचे लोखंडी कण सांध्यांत अडकतात आणि नंतर तांबूस डाग पडतात. हे पाणी दरवेळी ताजं करा. बाटलीत झाकण लावून ठेवलं तर ऑक्सिजन सुटत राहतो आणि बाटली फुटू शकते.

एवढं करूनही ठिपके राहिले, तर पातळ केलेलं सोडियम हायपोक्लोराइट, म्हणजे द्रव क्लोरीन ब्लीच, फक्त त्या ठिपक्यांवर, दहा मिनिटं, खिडकी उघडी ठेवून. त्याच दिवशी तिथे ॲसिड किंवा ॲसिडचं टॉयलेट क्लीनर अजिबात नको. दोन्ही एकत्र आले की क्लोरीन वायू सुटतो आणि लहानशा खोलीत तो जिवावर बेततो. हायपोक्लोराइट नळावर उडालं तर लगेच धुवून पुसा, त्यानेही धातूवर खड्डे पडतात.

खोल गेलेले सांधे घासून वर येणार नाहीत. निदान २-३ मिलिमीटर खरवडून काढा आणि नवीन ग्राउट भरा. जुन्यावर पातळ लेप दिला तर तो पापुद्र्यासारखा सुटतो. नवीन ग्राउट पाकिटावर लिहिलंय तितके दिवस पूर्ण वाळू द्या, मग आत जिरणारा सीलर लावा.

प्रश्न : व्हिनेगर आणि खायचा सोडा एकत्र करून सांध्यांवर लावावा का?

नको. आम्ल आणि अल्कली एकमेकांना मारतात. फेस विरला की उरतं ते पाणी आणि थोडं सोडियम ॲसिटेट. नुसत्या सोड्याची घट्ट पेस्ट करून घासा, ती तरी उपयोगी पडते.

प्रश्न : भिंत आणि फरशीच्या कोपऱ्यातली रबरासारखी पट्टी काळी पडली आहे, काही केल्या निघत नाही.

ती सिलिकॉनची आहे. बुरशी आतपर्यंत गेलेली असली तर धुवून जात नाही. पट्टी कापून काढा, जागा पूर्ण वाळू द्या, नवीन भरा.

प्रश्न : जुन्या नळाच्या मुठीचा मुलामा उडाला आहे. व्हिनेगर, निकेलचा तुकडा आणि बॅटरी वापरून घरीच निकेल चढवता येतं असं कळलं. करून बघू का?

तुमची उत्सुकता मला समजते. पहिल्यांदा टाकीतून चकचकीत जॉब, म्हणजे मुलाम्याला आलेली वस्तू, वर येताना बघितला तेव्हा मीही हरखून गेले होते. तरीही माझं उत्तर नाही असंच आहे, आणि कारणं नीट सांगते.

तुमच्या मुठीवर बहुधा दोन थर होते. खाली काही मायक्रॉन जाडीचं निकेल, वर क्रोमचा अगदी पातळ थर, साधारण अर्ध्या मायक्रॉनच्याही आतला. गंज अडवतं ते निकेल. क्रोम त्याला काळवंडू देत नाही. उरलेल्या क्रोमवर नवीन निकेल चिकटत नाही, ते आधी रसायनाने उतरवावं लागतं आणि त्याचं सांडपाणी विषारी असतं.

दुसरं, मूठ कशाची आहे? उडालेल्या जागी पिवळं दिसलं तर पितळ. राखाडी, वजनाला हलकी आणि पांढरे फोड आलेली असली तर जस्ताचा ओतीव भाग. जस्ताला थेट निकेलच्या टाकीत टाकलं तर द्रावणातलं आम्ल त्यालाच खातं, म्हणून आधी तांब्याचा थर द्यावा लागतो.

तिसरं आणि सगळ्यात मोठं कारण म्हणजे स्वच्छता. आमच्याकडे जॉब धुतल्यावर तिरका धरून त्यावरचं पाणी बघत. पाण्याचा पडदा सलग राहिला तर जॉब साफ. कुठे पडदा फाटला, थेंब गोळा झाले, तर तिथे तेल आहे, जॉब परत मागे. माझ्या पहिल्याच वर्षी धुऊन झालेला एक दांडा मी उघड्या अंगठ्याने नीट टांगला आणि टाकीत सोडला. वर आला तेव्हा आरशासारखा होता. बफिंगला, म्हणजे चाकावर घासून चमकवायला गेला आणि बरोबर अंगठ्याच्या आकाराचा पापुद्रा उचलून आला. खाली माझ्या अंगठ्याच्या रेषासुद्धा दिसत होत्या. मास्तर काही बोलले नाहीत, तो पापुद्रा माझ्या तळहातावर ठेवला. त्यानंतर हातमोज्याशिवाय मी जॉबला हात लावला नाही.

प्लेटिंगचं गणित मात्र सोपं आहे. अमेरिकन संशोधक ऑलिव्हर वॉट्स यांनी १९१६ मध्ये मांडलेलं द्रावण थोड्याफार फरकाने आजही चालतं : निकेल सल्फेट, निकेल क्लोराइड आणि बोरिक ॲसिड, तापमान साधारण ४५ ते ६५ अंश सेल्सिअस. एका चौरस डेसिमीटरवर एक अँपिअर तासभर दिला की जवळपास १२ मायक्रॉन निकेल चढतं. तुमची मूठ दीड चौरस डेसिमीटर धरली आणि दर चौरस डेसिमीटरला तीन अँपिअर दिले, तर लागले साडेचार अँपिअर, आणि २० मायक्रॉनला सुमारे ३५ मिनिटं. बॅटरी आणि व्हिनेगरच्या भांड्यात करंट आणि तापमानावर असा ताबा राहत नाही. कडांवर निकेल जळून काळं होतं आणि खाचा कोऱ्याच राहतात.

शेवटी आरोग्य. निकेलचे क्षार त्वचेला लागत राहिले तर ॲलर्जी होते, ती एकदा झाली की जन्माची. मी तिच्यामुळे टाकीवरचं काम सोडलेल्या दोघी बघितल्या आहेत. द्रावणाचे तुषार श्वासातून जाणं कर्करोगाला निमंत्रण आहे. आणि निकेल नाही मिळालं म्हणून कुणी स्टेनलेस स्टीलचा चमचा ॲनोड म्हणून, म्हणजे बॅटरीच्या धन टोकाला लावला, तर द्रावणात घातक हेक्झाव्हॅलंट क्रोमियम उतरू शकतं. उरलेलं हिरवं पाणी मोरीत ओतायचं नसतं, मग घरी ते ठेवणार कुठे? मूठ प्लेटरकडे द्या. धातू कोणता आहे ते सांगा, आणि आटे असतील तर तेही दाखवा, कारण थर चढल्यावर आटे घट्ट होतात.

प्रश्न : नळावर क्षाराचे पांढरे डाग पडतात. मुलामा न घालवता ते कसे काढू?

नळामागे पांढरा कागद धरा. चमक निळसर दिसली तर क्रोम, किंचित पिवळसर, उबदार दिसली तर निकेल. क्रोम असेल तर व्हिनेगरमध्ये तितकंच पाणी घालून फडकं भिजवा, दहा मिनिटं गुंडाळून ठेवा, मग धुवून कोरडं पुसा. निथळणारे थेंब सांध्यांवर पडू नयेत म्हणून खाली वाटी धरा. उघड्या निकेलला व्हिनेगर नकोच, ते निस्तेज होतं. साबणपाणी, मऊ कापड, आणि रोज वापर झाल्यावर एकदा पुसणं. थेंब वाळलाच नाही तर डाग पडत नाही.

प्रश्न : जुन्या यंत्रातली स्टीलची स्प्रिंग निकेल करून आणली. दिसायला सुंदर, पण बसवल्यावर दुसऱ्या दिवशी आपोआप तुटली. प्लेटिंग खराब होतं का?

प्लेटिंग चांगलं असूनही असं होतं. ॲसिडमध्ये साफ करताना आणि टाकीत करंट चालू असताना सुटलेला हायड्रोजन कडक स्टीलमध्ये शिरतो आणि त्याला ठिसूळ करतो. ताण बसल्यावर काही तासांनी, कधी काही दिवसांनी, स्प्रिंग काचेसारखी तुटते. मऊ लोखंडाला सहसा हा त्रास होत नाही. उपाय म्हणजे प्लेटिंग झाल्यावर शक्यतो चार तासांच्या आत जॉब भट्टीत साधारण १९० ते २२० अंशांवर बरेच तास भाजणं, म्हणजे हायड्रोजन बाहेर पडतो. तडा आधीच गेला असेल तर नंतर भाजून उपयोग नाही. पुढच्या वेळी स्प्रिंग हातात देतानाच प्लेटरला सांगा की ही कडक स्टीलची आहे, ॲसिडमध्ये कमीत कमी वेळ ठेवा आणि लगेच भाजा. भाजायची सोय त्याच्याकडे नसेल तर स्प्रिंग परत आणा आणि तेल लावून तशीच वापरा.