प्रोसोब्रँकिया म्हणजे नक्की काय, आणि तो शब्द आता वापरायचा का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा की मुलीच्या बीएस्सी झूलॉजीच्या नोट्समध्ये 'उपवर्ग प्रोसोब्रँकिया' लिहिलंय, नेटवर शोधलं तर अर्थ 'समुद्री गोगलगायी' असा मिळाला, आणि परवा किनाऱ्यावरच्या वॉकला गाईड म्हणाला की हा शब्द आता कुणी वापरत नाही, मग खरं कोणाचं. नोट्स जुन्या हिशोबाने बरोबर, गाईड नव्या हिशोबाने बरोबर, पण ते 'समुद्री गोगलगायी' मात्र डोक्यातून काढून टाका, घोळ तिथूनच सुरू होतो. नोट्समध्ये त्या शब्दाच्या खाली उदाहरण कोणतं दिलंय बघा. बहुतेक पायला ग्लोबोसा, म्हणजे गोड्या पाण्यातली शंखवाली गोगलगाय, असेल, आपल्याकडे पिढ्यानपिढ्या तोच शिकवतात. आणि पायला तर तळ्यात, भातखाचरात राहणारा, समुद्राशी त्याचा काय संबंध!

शब्दाचा अर्थ 'पुढे कल्ले असलेले' एवढाच आहे, आणि पुढे म्हणजे हृदयाच्या पुढे. अन्री मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने १८४८ मध्ये उदरपाद प्राण्यांचे, म्हणजे गोगलगायी, शंखवाले वगैरे सगळ्यांचे, श्वासाच्या अवयवावरून तीन भाग केले. कल्ले हृदयाच्या पुढे ते प्रोसोब्रँकिया, मागे ते ऑपिस्थोब्रँकिया (यात रंगीबेरंगी समुद्री स्लग येतात), आणि कल्ल्यांऐवजी फुप्फुसासारखी पोकळी असलेले ते पल्मोनाटा, पावसाळ्यात अंगणात फिरते ती गोगलगाय यातली. वाटणी सुटसुटीत होती, परीक्षेला सोपी होती, त्यामुळे शंभर वर्षांहून जास्त टिकली. पुढे १९२९ ते १९३५ या काळात थिले या जर्मन शास्त्रज्ञाने प्रोसोब्रँकियाच्या आत आणखी खण पाडले आणि त्याच वळणाचे आर्किओगॅस्ट्रोपोडा, मेसोगॅस्ट्रोपोडा, निओगॅस्ट्रोपोडा हे तीन ऑर्डर आपल्या पाठ्यपुस्तकांत येऊन बसले.

आता कल्ले पुढे आले कसे, ही खरी मजेची गोष्ट आहे आणि नोट्समध्ये ती दोन ओळींत गुंडाळलेली असते. अळीच्या अवस्थेत या प्राण्याच्या शरीराचा वरचा भाग, म्हणजे आतडी, कल्ले, हृदय हे सगळं गाठोडं, पायाच्या आणि डोक्याच्या तुलनेत जवळजवळ १८० अंशात फिरतं, वरून बघितलं तर घड्याळाच्या उलट दिशेने. याला टॉर्शन म्हणतात. मागे असलेली पोकळी कल्ल्यांसकट डोक्याच्या वर येते आणि मज्जातंतूंच्या दोन दोऱ्या एकमेकींना ओलांडून इंग्रजी आठच्या आकड्यासारख्या होतात. म्हणून श्पेंगेलने १८८१ मध्ये याच गटाला स्ट्रेप्टोन्यूरा, म्हणजे पीळ पडलेल्या नसांचे, असं वेगळं नाव दिलं, तेही जुन्या पुस्तकांत दिसेल, घाबरू नका, माल तोच. (पायलाच्या कल्ल्याजवळ पाण्याची पारख करणारा जो ऑस्फ्रेडियम असतो त्याला श्पेंगेलचा अवयव म्हणतात ना, तोच हा श्पेंगेल.) आणि मुलीला एक सांगा, शंखाला वेटोळी पडतात ते कॉइलिंग, ते टॉर्शन नव्हे, दोन्ही वेगळ्या गोष्टी आहेत, व्हायव्हाला हमखास विचारतात आणि हमखास चुकतात.

टॉर्शनचा तोटा असा की कल्ल्यांबरोबर गुदद्वारही डोक्यावर येतं, म्हणजे घाण पाणी थेट तोंडाशी. मग त्यावर एकेकाने आपापला तोडगा काढलाय. हॅलिओटिसच्या शिंपल्यावर कडेने ओळीत भोकं असतात, डायोडोराच्या टोपीला शेंड्यावर एकच भोक, वापरलेलं पाणी तिकडून बाहेर. बाकी कित्येकांनी एका बाजूचा कल्ला सोडूनच दिला आणि पाणी डावीकडून आत, उजवीकडून बाहेर अशी वन वे वाहतूक केली. पुढे कल्ले असण्याचा फायदा बघायचा असेल तर ओहोटीला खाडीच्या चिखलावर मेलेला मासा टाकून थोडा वेळ गप्प बसा. जिथे काहीच नव्हतं तिथून नासारियसचे बोटाच्या पेराएवढे शंख चिखल फोडून वर येतात, पुढे सोंडेसारखी नळी काढलेली, ती डावीउजवीकडे हलवत सरळ माशाकडे. त्या नळीतून पुढचं पाणी आत खेचायचं, ऑस्फ्रेडियमवरून न्यायचं, वास घ्यायचा आणि चालायला लागायचं.

इतकं छान आहे तर नाव का सोडलं? एक म्हणजे नाव आणि माणसं जुळत नाहीत. पायलाला कल्लाही आहे आणि फुप्फुसाची पिशवीही. सह्याद्रीत पावसाळ्यात पालापाचोळ्यात सायक्लोफोरस मिळतो, जमिनीवरचा, शंखाला गोल झाकण असलेला, तो मोजायचा प्रोसोब्रँकियात आणि त्याला कल्लाच नाही! खडकाला चिकटून बसणाऱ्या सेलानाचे मूळ कल्ले गेलेत, त्याऐवजी पायाच्या भोवती गोल झालरीसारखे नवे आलेत, आता त्यांना पुढचे म्हणायचं की मागचे.

पण हे चाललं असतं, नावं काय, कुठलीच तंतोतंत नसतात. खरं कारण वंशावळीचं आहे. समुद्री स्लग आणि फुप्फुसवाल्या गोगलगायी हे दोन्ही गट प्रोसोब्रँकियाच्याच एका शाखेतून निघालेत. म्हणजे असं बघा, एका आजोबांच्या चार मुलांपैकी धाकटा मुंबईला गेला, राहणीमान बदललं, म्हणून वंशावळीतून त्याला आणि त्याच्या पोराबाळांना वगळून उरलेल्या तिघांना 'हे खरं घराणं' म्हणायचं. गावात म्हणतीलही, पण वंशावळ लिहिणारा ते मान्य करणार नाही. प्रोसोब्रँकिया म्हणजे ते 'उरलेले' होते. १९८० नंतर शरीररचनेचा बारीक अभ्यास आणि मग डीएनए यातून हे स्पष्ट होत गेलं, १९९७ मध्ये पाँडर आणि लिंडबर्ग यांचं मोठं विश्लेषण आलं, २००५ मध्ये बूशे आणि रोक्रुआ यांनी सगळी कुळं नव्याने मांडली आणि त्यात प्रोसोब्रँकिया नाही. २०१७ च्या सुधारित मांडणीत सहा उपवर्ग आहेत: पॅटेलोगॅस्ट्रोपोडा, व्हेटिगॅस्ट्रोपोडा, नेरिटिमॉर्फा, निओम्फॅलिओनीस, सीनोगॅस्ट्रोपोडा आणि हेटेरोब्रँकिया. गंमत म्हणजे ऑपिस्थोब्रँकिया आणि पल्मोनाटा यांचंही काही खरं राहिलं नाही, ते दोघे हेटेरोब्रँकियात विरघळले.

जुनं पुस्तक हातात असेल तर असं वाचा. मेसो आणि निओ दोन्ही मिळून आजचा सीनोगॅस्ट्रोपोडा, त्यात कवड्या, खारफुटीतला टेलिस्कोपियम, पूजेचा शंख टर्बिनेला पायरम, म्युरेक्स, कोनस आणि आपला पायलासुद्धा. आर्किओगॅस्ट्रोपोडा मात्र फुटला, टर्बो, ट्रोकस, हॅलिओटिस हे व्हेटिगॅस्ट्रोपोडात गेले, नेरिटा नेरिटिमॉर्फात, सेलाना पॅटेलोगॅस्ट्रोपोडात. अपवाद आहेतच, गोल जिन्यासारखा दिसणारा सुंदर शंख आर्किटेक्टोनिका जुन्या पुस्तकांत मेसोगॅस्ट्रोपोडात असतो आणि प्रत्यक्षात तो हेटेरोब्रँकियाचा निघाला, म्हणजे दिसायला शंखवाला पण नातं स्लगशी जवळचं.

गाईडने वॉकला टोपीसारखे शिंपले दाखवले असतील तर तिथेच एक धडा आहे. मुंबईच्या, कोकणच्या खडकांवर सेलाना आणि सायफोनेरिया दोन्ही असतात, वरून बघून भलेभले फसतात. रिकामा शिंपला मिळाला तर उलटा करा. सेलाना आतून चकचकीत, स्नायूचा ठसा घोड्याच्या नालेसारखा आणि त्याचं तोंड डोक्याच्या बाजूला, दोन्ही बाजू सारख्या. सायफोनेरियात उजव्या कडेला एक खोलगट पन्हळ दिसते आणि कड तिथे जरा बाहेर आलेली असते, ती हवा आत घ्यायची वाट. हा फुप्फुसवाल्यांचा नातेवाईक, समुद्रात राहूनही कधीच प्रोसोब्रँक नव्हता. यातल्या एका जातीचं नाव सायफोनेरिया बसीनेन्सिस आहे, बसीन म्हणजे आपली वसई, १८९३ मध्ये मेल्व्हिलने ठेवलेलं. म्हणून म्हटलं, समुद्री गोगलगाय म्हणजे प्रोसोब्रँकिया हे समीकरण दोन्हीकडून चुकतं.

आता वापरायचं कसं. गटाचं नाव म्हणून प्रोसोब्रँकिया नव्या लिखाणात नको. पण विशेषण म्हणून 'प्रोसोब्रँक' अजून चालतं, कल्ले पुढे असलेली शरीररचना असा अर्थ असेल तर शास्त्रज्ञही सर्रास लिहितात, त्यावर कुणी आक्षेप घेत नाही, गाईड उगाच जास्त कडक झाला असं मला वाटतं. परीक्षेत मात्र सिलॅबसमध्ये जे छापलंय तेच लिहायला सांगा, पेपर तपासणाऱ्याकडे मॉडेल आन्सर असतं आणि तिथे क्रांती करून मार्क घालवण्यात अर्थ नाही, फार तर कंसात 'सध्याच्या मांडणीत सीनोगॅस्ट्रोपोडा' असं जोडावं. प्रोजेक्टला किंवा शंखांच्या डब्यावर लेबल लावायचं असेल तर जात, कुळ, ठिकाण, तारीख एवढं पक्कं लिहा. उपवर्ग नाही लिहिला तरी चालतं, कारण कुळावरून तो कधीही काढता येतो, आणि जातीचं चालू नाव मोलस्काबेस या शंखशिंपल्यांच्या नावांच्या वेबसाइटवर फुकट तपासता येतं, जुनं नाव टाकलं तरी ते नव्यावर नेऊन सोडतं.