मेन कॉक

“मॅडम, गच्चीवरचा मेन कॉकच बंद करून टाकला तर?”

पहिल्या भेटीत ते एकटेच आले होते. बायको दिवसाचे चार-चार तास हात धुते, साबणाची वडी दोन दिवस पुरत नाही, अडवलं तर रडारड, नाही अडवलं तर वाढतंच चाललंय. मग धुवू द्यायचं की अडवायचं? जंतूंच्या भीतीनं ग्रासलेल्या माणसाच्या घरचे बहुतेक सगळे हेच विचारतात. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.)

मी त्यांचे हात बघत होते. भेगा त्यांच्याही हातांना होत्या. कामावरून आलं की दारातच कपडे उतरवायचे, अंथरलेल्या वर्तमानपत्रांवरून बाथरूम गाठायचं, आंघोळ करायची, मगच घरात. सहा वर्षांचा मुलगा शाळेतून आला की कशाला हात लागू नये म्हणून दोन्ही हात वर धरून उभा. नोटा धुऊन दोरीवर चिमट्यांनी लावलेल्या. “आजीचं सोवळं परवडलं,” ते म्हणाले. खरंच होतं ते. सोवळं नेसलं की आजीचं काम संपायचं. ओसीडीत, म्हणजे आपल्याकडे ज्याला मंत्रचळ म्हणतात त्यात, ते संपतच नाही.

पुढच्या वेळी त्या आल्या. दार कोपरानं ढकललं, खुर्चीच्या अगदी कडेवर बसल्या. “मला कळतं हो सगळं. पण हात ऐकत नाहीत.”

हात धुतले की घटकाभर जीव भांड्यात पडतो. मेंदू एवढंच शिकतो, की धुतले म्हणून वाचलो. पुढच्या वेळी तेवढ्यानं भागत नाही. नवऱ्याचं दिवसातून पन्नासदा “हो गं, स्वच्छ आहे” म्हणणं, हेसुद्धा धुणंच. फक्त पाण्याशिवाय.

आता मेन कॉक. भीती वाटते त्या गोष्टीला हात लावायचा, पण नंतर धुवायचं नाही, असा यावरचा उपचार. १९६६मध्ये लंडनच्या व्हिक्टर मेयर या मानसशास्त्रज्ञानं अशा उपचारांची पहिली उदाहरणं प्रसिद्ध केली. त्यात रुग्णाच्या खोलीतलं पाणी खरोखरच बंद केलं होतं. पण ते रुग्णालयात, सतत कुणीतरी सोबत असताना. रागाच्या भरात घरचं पाणी तोडणं म्हणजे उपचार नव्हे, शिक्षा.

मी त्यांना मानसोपचारतज्ज्ञांकडेही पाठवलं. या आजारात गोळ्यांचा गुण यायला आठ ते बारा आठवडे लागू शकतात, आणि लोक तिसऱ्याच आठवड्यात सोडून देतात, म्हणून आधीच बजावलं. मग भीतीची यादी केली, कमी ते जास्त. सुरुवात दुधाच्या पिशवीपासून: न धुता कापायची, पातेल्यात ओतायची, हात धुवायचे नाहीत. दूध उकळणारच असतं, हे त्यांनाही माहीत होतं. माहीत असून उपयोग नसतो, हीच तर गोम आहे.

माझ्यासमोर पिशवी कापली तेव्हा अस्वस्थता शंभरपैकी ऐंशी. बोटं फाकवून, घड्याळाकडे बघत बसून राहिल्या. चाळीस मिनिटांनी म्हणाल्या, “पन्नास असेल.” हात कोरडे होते.

घरी मात्र पहिला आठवडा वाया गेला. भांडण नको म्हणून यजमान पहाटे उठून पिशवी गुपचूप धुऊन ठेवत होते! मग त्यांनाही गृहपाठ दिला. “स्वच्छ आहे ना?” विचारलं, तर प्रेमानं एवढंच म्हणायचं: “याचं उत्तर द्यायचं नाही, असं ठरलंय ना आपलं?”

पाच महिने झालेत. दारातली वर्तमानपत्रं गेली. नोटा अजून दोरीवर असतात.