जर्मनीत काबारेट करू पाहणाऱ्या कलावतीस

आपण पुण्यात राजकीय व्यंगाचे एकपात्री प्रयोग करता, आणि नोकरी सोडून जर्मनीत काबारेटमध्ये, म्हणजे राजकीय-सामाजिक व्यंगाच्या रंगमंचीय प्रयोगांत, कारकीर्द करावी का, असे विचारले आहे. म्युनिकमधील लहान नाट्यगृहांची तिकीटव्यवस्था सांभाळताना जे पाहते आहे त्यावरून माझे मत असे, की जरूर यावे, परंतु उपजीविका पहिली काही वर्षे दुसऱ्या कामावर चालवावी.

स्त्रिया या क्षेत्रात नव्या नाहीत. एरिका मान यांनी १ जानेवारी १९३३ रोजी म्युनिकमध्ये ‘फेफरम्यूले’ हे काबारेट सुरू केले आणि नाझी सत्तेवर येताच ते झुरिचला नेले. लोरे लोरेन्त्स यांनी पतीसह १९४७ मध्ये ड्युसेलडोर्फला ‘कोमेडशेन’ हे काबारेट उभारले. तरीही सरकारी नियंत्रणाबाहेरच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीवर एका स्त्रीला स्वतःचा व्यंगकार्यक्रम मिळण्यास १९९३ साल उजाडले. त्या मारेन क्रोयमान. म्युनिकमधील नोकहेरबेर्गवर ख्रिस्ती उपवासकाळातील बिअरच्या उत्सवात समोर बसलेल्या मंत्र्यांना भाषणातून झोडपण्याची जुनी प्रथा आहे, आणि तिथे पहिली स्त्री, लुइझे किनझेहर, २०११ मध्ये उभी राहिली. (स्वतःचे नाव भाषणात आले नाही, तर पुढाऱ्यांना अधिक वाईट वाटते म्हणतात.)

किनझेहर यांचे उदाहरण आपण नीट अभ्यासावे. ‘मामा बव्हेरिया’ (म्युनिक ज्या राज्यात आहे त्या बव्हेरियाची आई) होऊन त्या पुढाऱ्यांना वाह्यात लेकरांसारख्या दटावत, आणि ते दटावणे बव्हेरियन बोलीत असल्यामुळेच सभागृह हसे. भाषावर्गाच्या प्रमाणपत्रावर हे जमत नाही. कोणत्या मंत्र्याने कोणते आश्वासन मोडले आणि कोणत्या गावाला शेजारच्या गावाचा राग आहे, हे ठाऊक असावे लागते. परकेपणाचाही विनोद होतो: इडिल बायदार यांची ‘जिलेट आयशे’ ही व्यक्तिरेखा तुर्की वळणाच्या जर्मनमध्ये बोलून श्रोत्यांचे पूर्वग्रह उघडे पाडते. मात्र बायदार जर्मनीतच जन्मल्या आहेत, हा फरक मला निर्णायक वाटतो.

प्रवेश बहुधा नवोदितांनाही संधी देणाऱ्या खुल्या रंगमंचावरील काही मिनिटांपासून होतो. पुढे अनेक कलाकारांच्या संमिश्र कार्यक्रमात जागा मिळते, आणि मध्यांतरासह पूर्ण संध्याकाळ पेलणारा स्वतःचा प्रयोग तयार झाल्यावरच नाट्यगृहे तारखा देतात. मोबदला पुष्कळदा तिकीटविक्रीतील ठरलेला हिस्सा असतो, त्यामुळे रिकाम्या खुर्च्यांचा तोटा कलावंतालाही सोसावा लागतो. नियमित कमाई महानगरापेक्षा लहान गावांच्या दौऱ्यांतून होते.

नोकरीच्या निवासपरवान्यावर आलात, तर मानधनाचा पहिला प्रयोग करण्यापूर्वीच परदेशी नागरिकांच्या कार्यालयाकडून स्वतंत्र व्यवसायाची परवानगी घ्यावी. पूर्णवेळ स्वतंत्र कलावंत झाल्यावर ‘क्युन्स्टलरसोत्सियालकासे’ या कलावंतांच्या सामाजिक विमा संस्थेकडे अर्ज करावा, तिथे आरोग्य व निवृत्तिविम्याचा साधारण निम्माच हप्ता आपण भरायचा असतो. त्यासाठी कलेतून वर्षाला ३,९०० युरोंहून अधिक उत्पन्न लागते. नवोदितांना पहिली तीन वर्षे ही अट नसते.